विषामृताचा डाव

बाळांनो, शाळेचं एक जुनं मैदान डोळ्यांसमोर आणा. सुट्टीची दुपार आहे, झोपाळे रिकामे आहेत आणि एक आजी नातीला आपल्या लहानपणीचा खेळ शिकवते आहे.

“तुझ्यावर राज्य. मला शिवून ‘विष’ म्हणालीस की मी पुतळा. मग दुसऱ्या कुणी ‘अमृत’ म्हणत शिवलं, तरच मी सुटणार.”

“तुझे गुडघे पळतील का गं?”

“याच मैदानात अंधार पडेपर्यंत पळायचो आम्ही,” म्हणत आजी रुमाल उडवत पळाली. नात खिदळत मागे धावली आणि तिने आजीच्या पाठीला हात लावला. “विष!”

आजी थांबली. ओठांवरचं हसू तसंच राहिलं. वर उडालेला रुमालही हवेतच थांबला.

वाऱ्याने झोपाळे करकरत होते, पण आजीचा एक केस हलत नव्हता.

“आजी, पुरे ना. अमृत. अमृत!” नातीने तिचा हात धरला. तो गार लागला.

“राज्य असलेल्याचं अमृत चालत नाही,” मागून कुणा मुलीचा बारीक आवाज आला. “मी सोडवते तिला. पण मग तू इथेच खेळायचंस, घरी नाही जायचं.”

नातीने मागे वळून पाहिलं नाही. तिने आजीचा हात हळूच सोडला आणि मान डोलावली.