मनूची दाढ

निशिकांत दवाखान्यात पोचला, तेव्हा सुजलेला गाल धरून मनू खुर्चीत बसली होती. शेजारी दातांची डॉक्टर उभी होती. मनूची आई, वृंदा. घटस्फोटानंतर कोर्टानं मुलीचा ताबा त्याला दिला होता. रविवार तेवढा आईचा.

"दाढेत पू झालाय, आजच काढायला हवी," वृंदा म्हणाली. "पण तुझ्या परवानगीशिवाय मी हात लावणार नाही. दुसरा डॉक्टर हवा असेल तर सांग."

'हिला पेशंटपुढे पोरगी दिसत नाही,' असं तोच कोर्टात बोलला होता. आता पोरगीच पेशंट होती आणि वृंदाचे हात थरथरत होते.

"दुसरा कशाला? तूच काढ."

"हात बघ माझे."

सुई नुसती दिसली तरी निशिकांतला घेरी यायची. तरी तो पुढे झाला आणि त्यानं मनूचं डोकं छातीशी धरलं. "मी धरतो. तू सावकाश कर."

"आई, बाबा पडेल हं," मनू कण्हत म्हणाली. वृंदाला हसू फुटलं, आणि हात स्थिरावले.

कापसाचा बोळा दाताखाली धरून मनूनंच मग सांगितलं, "बाबा, झालं. डोळे उघड."