हुकमाचा साक्षीदार

"कागदाकडे बघायचं नाही, मिस्टर स्ट्राउड," कॉरा म्हणाली. "बाईंच्या डोळ्यांत बघून बोलायचं. आणि 'सोडवल्या' म्हणून झालं की थांबायचं. एक श्वास घ्यायचा. मग पुढचं."

विधानभवनाच्या समिती दालनाबाहेर डेलबर्ट स्ट्राउड टोपी मांडीवर घेऊन बसले होते. सगळी उमर कोळशाच्या खाणीत गेलेली. नखांच्या कडांतली काळी रेघ काही गेली नव्हती.

"खोटं बोलायला लावू नका बरं का, पोरी. मला ते जमत नाही."

"खोटं कशाला? घडलं तेच सांगा."

ग्रेडी प्रेस्कॉट हसत हसत आला. व्हेप, म्हणजे ई-सिगारेट, बनवणाऱ्या कंपनीची बाजू सरकारदरबारी मांडणं हे त्याचं काम, आणि कॉरा त्याच्या हाताखाली. त्यानं डेलबर्टच्या पाठीवर थाप मारली.

"काय काका, तयार ना? तुम्ही आमचा हुकमाचा एक्का! हा कायदा झाला, तर आपला माल पेट्रोलपंपांवरच्या दुकानांतून उठलाच म्हणून समजा. फळांच्या चवीची व्हेप फक्त परवानावाल्या दुकानात, तीही ओळखपत्र बघितल्याशिवाय द्यायची नाही. धंद्याचं पार मातेरं होईल."



समितीत सरळ दोन तट पडले होते. अध्यक्ष सेनेटर हॉलिसबाई ज्या बाजूला झुकतील, तिकडे निकाल. बाई स्वतः खाणकामगाराची लेक. म्हणून ग्रेडीला साक्षीला एक साधा, कष्टकरी माणूस हवा होता. कॉरानं डेलबर्टना आणून उभं केलं. सिगारेटी सोडून आंब्याच्या चवीची व्हेप धरलेला, दर रविवारी चर्चला जाणारा म्हातारा. असा साक्षीदार दिवा घेऊन शोधला तरी मिळाला नसता. ग्रेडी इतका खूश झाला, की त्यानं पुढे काही विचारलंच नाही.

आत आधी एक डॉक्टर बोलले, मग एक शिक्षिका. हॉलिसबाई चष्मा पुसत ऐकत होत्या. मग डेलबर्टचं नाव पुकारलं गेलं.

कॉरा मागच्या रांगेत बसली होती.

"सिगारेटी मी सोडल्या, हे खरं," डेलबर्ट म्हणाले. "आणि याच वस्तूनं त्या सोडवल्या."

ग्रेडी खुर्चीत ऐसपैस रेलला. डेलबर्टनी श्वास घेतला.

"पण आंब्याची चव माझ्या नातीलाही आवडली. जोसी तेरा वर्षांची आहे. पहिली तिनं माझ्याच कोटाच्या खिशातून घेतली. त्यानंतरच्या विकत, कोपऱ्यावरच्या पंपावरून. गोळ्या-चॉकलेटांशेजारी मांडलेल्या असतात. पोरी, तुझं वय काय, असं तिला कुणी एकदाही विचारलं नाही. या हिवाळ्यात तिचं एक फुप्फुस बसलं. छातीत नळी घालावी लागली. बाई, माझी फुप्फुसंही काळी आहेत. पण मला त्याचा पगार तरी मिळाला."



कंपनीचा वकील ताडकन उठला. "अध्यक्ष महोदया, हा साक्षीदार आमच्या—"

"तुम्हीच बोलावलंत ना त्यांना?" हॉलिसबाई म्हणाल्या. "मग खाली बसा. त्यांचं बोलून होऊ दे."

"झालं माझं," डेलबर्ट म्हणाले.

मतं पडली. निम्मी इकडे, निम्मी तिकडे. हॉलिसबाईंनी चष्मा डोळ्यांवर चढवला.

"माझं मत कायद्याच्या बाजूनं."

एकच जल्लोष झाला. शिक्षिका रडत रडत टाळ्या वाजवत होती. अनोळखी माणसं एकमेकांना मिठ्या मारत होती.

ग्रेडीनं कॉराला दाराबाहेर गाठलं. त्याचा चेहरा लालबुंद झाला होता.

"कुठून धरून आणलास हा थेरडा? अक्कल गहाण ठेवली होतीस का? उद्यापासून तोंड दाखवू नकोस!"

"खरंय साहेब," कॉरा म्हणाली. "नीट चौकशी करायला हवी होती." तिनं गळ्यातलं कंपनीचं ओळखपत्र काढून त्याच्या हातावर ठेवलं.

बाहेर पायऱ्यांवर लख्ख ऊन पडलं होतं. डेलबर्टभोवती पोराबाळांच्या आयांचा गराडा पडला होता. कुणी त्यांचे हात हातात घेत होतं, कुणी गालाचा मुका घेत होतं. म्हातारा पुरता गोंधळून गेला होता, आणि हसतही होता. कॉरा गर्दीतून वाट काढत त्यांच्यापाशी पोचली आणि तिनं त्यांची दुमडलेली कॉलर सरळ केली.

"चला बाबा," ती म्हणाली, "जोसीला ही बातमी तिच्या आईच्या, माझ्याच तोंडून कळू दे."