उजवा कान

मंजुषानं चपला काढल्या नाहीत. औरंगपुऱ्यातल्या सत्संगाच्या हॉलमध्ये ती तशीच गादीपर्यंत गेली आणि स्कॅनचं पाकीट काकासाहेब महाराजांच्या मांडीवर टाकलं. मागं तिचा नवरा, गोकुळ. झोक जात होता त्याचा.

"यांच्या कानात गाठ आहे. बोराएवढी. वर्षभर तुम्ही तिला नाद म्हणालात."

वर्षापूर्वी गोकुळला ध्यानात आवाज यायला लागला.

आधी शीळ.

मग रातकिडे.

मग घंटा.

आतलं जे ऐकू येईल ते गुरूशिवाय कुणाला सांगायचं नाही, बायकोलाही नाही, असा इथला नियम. दुसरा नियम, डावीकडचा आवाज मायेचा, उजवीकडचा खरा. महाराजांनी विचारलं होतं ते एवढंच, उजवा ना? डावा असता तर गोकुळ डॉक्टरकडं गेला असता.

आता तो उजवा कान ठार बहिरा. घंटा चालूच. सोमवारी ऑपरेशन, थांबलात तर जिवावर बेतेल असं डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलेलं. आणि गोकुळ अडून बसलेला. गाठीबरोबर नादही जाईल; महाराजांची आज्ञा असेल तरच.

मंजुषाला या महाराजाची गचांडी धरायची होती. आणि आज्ञा मागायची होती ती त्याच्याकडंच.

"सांगा यांना," ती म्हणाली. "माझं ऐकत नाहीत. तुमचं ऐकतात."

ध्यानाला बसलेल्या सगळ्यांचे डोळे उघडे. महाराजांनी गोकुळला जवळ बसवलं. नाम देताना वाकायचे तसेच, सवयीनं, त्याच्या उजव्या कानाशी वाकले. आवाज अगदी बारीक.

"गोकुळ, मला कधीच काही ऐकू आलं नाही रे. तीस वर्षं बसतोय. तुला आलं म्हणालास, लई बरं वाटलं मला."

शेजारीच उभ्या मंजुषानं शब्दन्‌शब्द ऐकला. गोकुळनं नाही. तो तिच्याकडं वळला, तोंडावर नुसता आनंद.

"काय म्हणले महाराज?"

खरं तिच्या जिभेवर होतं. अख्ख्या हॉलला ऐकू जाईल एवढ्या जोरात. तिनं ते गिळलं.

"सोमवारी ऑपरेशन करून घे म्हणले."

"आज्ञा?"

"व्हय. आज्ञा."

गोकुळनं महाराजांच्या पायांवर डोकं ठेवलं. महाराज पाय मागं ओढायला लागले.

"राहू द्या तिथंच," मंजुषा म्हणाली. "ऑपरेशन होईस्तोवर."