मूकपटातला कैदी

बर्लिनच्या मूकपटांत ओस्विनला एकच काम मिळायचं, कैद्याचं. गज धरून ओरडायचं. दिग्दर्शक म्हणायचा, "तोंडाला येईल ते बोल रे, ऐकतंय कोण!" मग तोही मनातलं सगळं ओरडून घ्यायचा.

सोडून जावं म्हटलं, तर तिकडे केम्निट्झला आई कापडगिरणीभर सांगत सुटलेली, "माझा ओस्विन नट झालाय, मजेत आहे." तिचा हिरमोड कसा करायचा? विचारलं की तोही म्हणायचा, "मजेत आहे."

नवा चित्रपट केम्निट्झला लागला तेव्हा आईनं मागावरच्या साऱ्या मैत्रिणी गोळा करून आणल्या. बर्लिनहून आलेला ओस्विन तिच्या शेजारीच बसला. पडद्यावर तो गज हलवत ओरडला, मग पाटी आली, 'मी निर्दोष आहे!' थिएटर हुंदके देऊ लागलं. गिरणीतल्या बायका तेवढ्या तोंडावर हात ठेवून एकमेकींकडे बघत राहिल्या.

बाहेर आल्यावर त्यातली एक त्याला म्हणाली, "दिग्दर्शकाला शिव्या मात्र झकास घातल्यास हो!"

आईनं त्याचा हात घट्ट धरला. "उद्या बर्लिनला जायचं नाही. 'आई, मला घरी ने गं' म्हणून टाहो फोडतोस, आणि मला सांगतोस मजेत आहे?"

"पण आई, चित्रपटाला आवाज कुठं होता?"



"अरे सोन्या, मागांच्या खडखडाटात तरी कुणाला काय ऐकू येतं? आम्ही बायका जन्मभर ओठ बघूनच तर गप्पा मारतो."