आर्ची गोर्लीची पाटी

“स्वयंपाकघराची भिंत पाडलीस की रे,” डिम्फना लॅव्हरी दारातूनच म्हणाली. घर तिचं नसल्याला पन्नासहून जास्त वर्षं झाली होती, पण तक्रार घरमालकिणीची होती.

वेस्ली गोर्लीने किटली खाली ठेवली. “आणि माझ्या आईच्या गुलाबांचं तुम्ही लोकांनी काय केलंत?”

“आमच्या बाबांनी उपटले. बटाटे लावले तिथे.”

“वाटलंच होतं. कॅथलिक ते कॅथलिकच.”

“आणि आमचा गुलाबी वॉलपेपर?”

“वरच्या खोलीत आहे अजून. किती खरवडला, निघतच नाही. तुमच्या पोपच्या कृपेने चिकटवला होता की काय, बाई?”

दोघंही हसली. असले विनोद बेलफास्टमध्ये चहा ओतून झाल्यावरच करायचे असतात; त्याआधी नाही.

एकोणीसशे एकाहत्तरच्या ऑगस्टमध्ये कॅथलिक-प्रॉटेस्टंट दंगलींत शहर पेटलं, तेव्हा थिसल स्ट्रीटवरच्या प्रॉटेस्टंटांत लॅव्हरींचं एकच कॅथलिक घर उरलं होतं. पलीकडे, बेनन स्ट्रीटवरच्या कॅथलिकांत गोर्लींचं एकच प्रॉटेस्टंट. लॅव्हरींच्या खिडकीतून वीट आली. गोर्लींच्या दारातल्या टपालाच्या फटीतून कुणीतरी बंदुकीची गोळी टाकली, नुसतीच, चिठ्ठीशिवाय. तेव्हापासून वेस्लीचा बाप आर्ची गोर्ली दारावर साधी टकटक झाली तरी दचकायचा.

आर्ची आणि डिम्फनाचे वडील लिननच्या एकाच गिरणीत कामाला होते. त्यांनी तेच केलं जे त्या महिन्यात बऱ्याच जणांनी केलं: घरांची अदलाबदल. कोपऱ्यावर भेटून किल्ल्या दिल्या-घेतल्या, हात मिळवले. एकच लॉरी, जाताना एकाचे पलंग घेऊन गेली, येताना दुसऱ्याचे घेऊन आली. व्यवहार बरोबरीचा होता. लॅव्हरींना धूर ओकणारं धुराडं मिळालं, गोर्लींना ठिबकणारा नळ. दोघांनीही दुसऱ्यासाठी कोठीत कोळसा ठेवला, आणि आपणच जास्त ठेवला असं दोघंही मनात धरून बसले.

दुसऱ्याच दिवशी, चहाच्या वेळी, थिसल स्ट्रीटवरच्या या दारात बुरखे घातलेली माणसं आली आणि आर्चीला दिवाणखान्यात न जाऊ देता तिथेच, जिन्यापाशी, गोळ्या घालून गेली.

ती आली होती लॅव्हरीसाठी. होती याच बाजूची, म्हणजे प्रॉटेस्टंट. घरं बदलल्याची बातमी त्यांच्यापर्यंत पोहोचली नव्हती. पोहोचली, तेव्हा मयताला एक भलंमोठं फुलांचं चक्र आलं. त्यावर नाव नव्हतं.

या बाजूने आपल्या प्रत्येक मेलेल्याचं चित्र कुठल्या ना कुठल्या भिंतीवर रंगवलं आहे. आर्चीचं कुठेच नाही. स्वतःच्या चुकीचं चित्र कोण रंगवतो? वेस्ली त्या भिंतींसमोरूनच रोज कामाला गेला, लग्नाला गेला, पेन्शन आणायला गेला.

पलीकडे मात्र डिम्फनाच्या आईने आपलं गणित मांडलं होतं. बुरखेवाले लॅव्हरीला शोधत आले. ‘मी तो नव्हे’ एवढं म्हटलं असतं तरी आर्ची वाचला असता. पण मग पुढचा प्रश्न आला असता, लॅव्हरी गेला कुठे. तो पत्ता आर्चीइतका कुणाला माहीत? स्वतःचंच घर. म्हणून तो बोलला नाही.

त्या दिवशी ती दर वर्षी चर्चमध्ये एका प्रॉटेस्टंटासाठी मेणबत्ती लावायची. पाद्रीबाबा बघून न बघितल्यासारखं करायचे. डिम्फनाचे वडील पहिली काही वर्षं ‘आला गं तुझा नवा संत’ म्हणून चिडवायचे. पुढे तेच काडी ओढून द्यायला लागले.

आता बेनन स्ट्रीटवाल्यांनी आर्चीच्या जुन्या घराला पाटी लावायची ठरवली होती. घरच्यांचा होकार हवा, म्हणून डिम्फना आली होती. तिने फोनवरचा मजकूर वेस्लीपुढे धरला.

‘आर्ची गोर्ली. शेजाऱ्यासाठी प्राण दिले.’

वेस्लीने वाचलं. चष्मा पुसला आणि पुन्हा वाचलं. वडिलांचं नाव भिंतीवर यावं हे त्याने आयुष्यभर मनात धरलं होतं. ते येणार होतं आणि तेही चुकीच्या बाजूला.

“आई गेली, पण मला बजावून गेली होती,” डिम्फना म्हणाली. “आमची नातवंडं आहेत ती त्या माणसामुळे. तू घरात होतास ना रे तेव्हा?”

“जिन्यात होतो. सतरा वर्षांचा.”

“आई म्हणायची, त्यांनी शेवटपर्यंत तोंड उघडलं नसणार.”

“उघडलं होतं.”

डिम्फनाने कप खाली ठेवला. “काय म्हणाले?”

वेस्लीने फोन टेबलावर पालथा घातला.

“तुमच्या वडिलांचं नाव घेतलं,” तो म्हणाला.

डिम्फनाने छातीवर क्रूसाची खूण केली. मग या घरात ते चालतं की नाही म्हणून ओशाळून त्याच्याकडे बघितलं. त्याने सोडा ब्रेडची ताटली तिच्याकडे सरकवली.

“लावा पाटी,” तो म्हणाला.

दोन वस्त्यांमधल्या भिंतीचं फाटक संध्याकाळी बंद होतं, त्याआधी तो तिला तिथवर सोडून आला. तिने भर रस्त्यात त्याला मिठी मारली. समोरच्या घरातला पडदा हलला, हलायचाच.

परत येऊन वेस्लीने दार लावलं आणि तिथेच थांबला. त्या दिवशी बुरखे बघून बाबांचा चेहरा पांढराफटक पडला होता. बेनन स्ट्रीटचे कॅथलिक माग काढत इथवर आले, एवढंच त्यांच्या डोक्यात आलं. पुढच्या माणसाने बंदूक वर केली आणि विचारलं, “लॅव्हरी तूच का?” तेव्हा बाबांचा जीव भांड्यात पडला. ते चक्क हसले.

“हो, हो, मीच लॅव्हरी,” ते म्हणाले. “कॅथलिक आहे मी, बाबांनो. तुमच्यातलाच.”