नवरी समोर पाहिजे

"जनरेटर बंद करा," संगीतकार उत्तम म्हणाला.

वरसाव्याच्या बंगल्यावर सिनेमातल्या लग्नाचं शूटिंग चालू होतं. निर्माते जितेशभाई चहाचा कप हातात धरून बघतच राहिले. "अरे भाई, पागल झालास काय? गाणं स्टुडिओत रेकॉर्ड करतात ना!"

"स्टुडिओत बाई गात नाहीत."

बाई म्हणजे मुर्धा गावच्या कमळाबाई, धवलारीण. कोळ्यांच्या लग्नात धवला, म्हणजे लग्नविधीचं गाणं, गाण्याचा मान धवलारणीचा, आणि तो भटजीपेक्षा तसूभरही कमी नाही. सकाळी स्टुडिओत त्यांनी कानावरचा हेडफोन काढून ठेवला होता. "नवरी कुठं हाय? नवरीबिगर धवला गायाचा न्हाय." विनवण्या करून उत्तम थकला. शेवटी रेकॉर्डिस्ट, बॅटरीवरचा रेकॉर्डर आणि बाई, सगळ्यांना टॅक्सीत घालून तो इथे आला.

"कीबोर्डवर मार ना कायतरी," जितेशभाई म्हणाले. "इतकी वर्षं तेच तर करतोयस."

खोटं नव्हतं ते. मालिकेतल्या सासूने भुवई उचलली की जो 'ढॅण्ण' होतो, तो उत्तमचा. घराघरांत वाजला, पण वाजवणाऱ्याला कुत्रं विचारत नव्हतं. आता कुठे पहिल्यांदा एका पोस्टरवर 'संगीत' या शब्दापुढे त्याचं नाव येणार होतं. त्या नावाखाली खोटा धवला त्याला नको होता.

"मग पोस्टरवरून माझं नाव काढा," तो म्हणाला आणि बाहेर जाऊन त्याने घरघरणाऱ्या जनरेटरचा खटका स्वतःच पाडला.

दिवे गेले, पंखे थांबले. एकच आरडाओरडा झाला. कमळाबाईंना त्याचं सोयरसुतक नव्हतं. पदराची गाठ सोडून त्यांनी हळद काढली आणि नवरी झालेल्या संचिताच्या गालांना फासली, तासभर खपून केलेल्या मेकअपवर! मेकअपवाला नुसता "ओ मावशी, ओ मावशी" करत राहिला. मग जमिनीवर बसून, नवरीकडे तोंड करून त्यांनी सूर लावला. आवाज जाडाभरडा, वरच्या पट्टीत फाटणारा. लाइटवाले होते तिथेच खाली बसले. रडायच्या शॉटसाठी आणलेली ग्लिसरीनची बाटली तशीच राहिली, संचिताचे डोळे आपसूक वाहत होते. जितेशभाईंना ओरडायचं सुचलं नाही.

रेकॉर्डिस्टने अंगठा दाखवला, तेव्हा माइक धरून उभ्या असलेल्या उत्तमलाही रडू फुटलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच आपण काहीतरी खरं केलं, असं त्याला वाटलं.

निघताना कमळाबाईंनी त्याला बाजूला घेतलं.

"पोरीचा नवरा कसा हाय? दारू पीत न्हाय ना?"

मध्यंतरानंतर तो नवरा तिला मारून घराबाहेर काढतो, हे उत्तमला ठाऊक होतं. त्या मारहाणीचं संगीत उद्या त्यालाच करायचं होतं.

"मी धवला गायलेली पोर हाय ती," बाई म्हणाल्या. "नीट नांदव म्हनावं तिला."

"सांगतो, आजी," उत्तम म्हणाला, आणि मध्यंतरानंतरच्या मारहाणीचं बोलायला जितेशभाईंना शोधू लागला.