मास्टरांचा कान

"आज कुणीही आवाज काढायचा नाही, नुसतं वाजवल्याचं नाटक करायचं," मास्टर यायच्या आधी ड्रमर इनास म्हणाला. मास्टरांना ऐकू येत नाही, असा त्याला संशय होता. सोमवारी आमच्या सोल संगीताच्या बँडचं रेकॉर्डिंग होतं आणि त्याचं संचालन नेहमीसारखं मास्टरच करणार होते. मी हसले. आमचं प्रत्येक गाजलेलं गाणं त्यांच्याच कानाने घडवलं होतं.

मास्टरांनी बोटांवर चार मोजले. ट्रम्पेटवर बोटं हलली, इनासच्या काठ्या ड्रमला न लागता हवेतच फिरल्या, मी नुसते ओठ हलवले. वसईच्या त्या हॉलमध्ये फक्त पंखा कुरकुरत होता. पायानं ठेका देणाऱ्या मास्टरांनी मधेच हात वर केला.

"दुसऱ्या ओळीला घाई केलीस, जेसिंता."

मी खरंच केली होती. इनासच्या हातून काठी निसटली आणि फरशीवर खडखडत गेली. मास्टरांनी मानही वळवली नाही. आमचे चेहरे पाहून मात्र ते समजले आणि खुर्चीत बसले.

"कधीपासून?" मी विचारलं.

त्यांनी माझ्या ओठांकडे नीट पाहिलं. "अकरा वर्षं झाली."

मला बँडमध्ये येऊन नऊच झाली होती. चाळीस मुलींतून त्यांनी मला निवडलं होतं. "म्हणजे माझा आवाज तुम्ही कधीच..."

"नाही ऐकला." त्यांनी इनासकडे बोट केलं. "त्या दिवशी तू गायला लागलीस आणि हा ठेका धरायचा विसरला. तेवढं मला दिसलं."